‘परवानगी नाही’ म्हणजे काय

मी नोकरीत नेमकं काय करते हे माझ्या सासरी शेवटपर्यंत कोणाला कळलं नाही. “ती कॉम्प्युटरमध्ये आहे,” एवढं सांगून सासूबाई विषय मिटवायच्या. लग्नकार्यात कोणी खोदून विचारलंच, तर मी सांगायचे की कॉम्प्युटरमधली माहिती कोणी बघावी आणि कोणी बघू नये, त्याचे नियम मी लिहिते. त्यावर हमखास पुढचा प्रश्न यायचा, “म्हणजे पासवर्ड?” मी हो म्हणून जिलबी वाढून घ्यायचे.

पासवर्ड म्हणजे दाराचं कुलूप. आमचं काम दाराच्या आत सुरू व्हायचं. आत आलेल्या माणसाने काय वाचावं, कुठे लिहावं, आणि त्याने वाचलेलं त्याच्याही नकळत दुसरीकडे पाझरू नये म्हणून यंत्राने काय करावं, हे सगळं आधी कागदावर गणितात मांडायचं, मग त्याबरहुकूम प्रोग्रॅम लिहायचा. त्या मांडणीला आम्ही मॉडेल म्हणायचो. निवृत्त होऊन आता बरीच वर्षं झाली. बाकी कामांचे तपशील पुसट झालेत, पण परळच्या एका रुग्णालयातलं काम अजून मनातून जात नाही. त्यातलं कोडं सुटलं तेव्हा जो आनंद झाला होता, त्याची मला थोडी लाजही वाटते. म्हणून ते लिहायचं ठरवलं.

मी लालबागची. वडील कापडगिरणीत साच्यावर, म्हणजे मागावर होते. संप झाला तेव्हा मी गणित घेऊन बी.एस्सी. करत होते. संप मिटला नाही, विरून गेला, आणि वडील कायमचे गावी, कणकवलीकडे गेले. आईने इथे राहून खानावळ चालवली. डिग्री घेऊन मी नोकरी शोधत होते, तेव्हा प्रभादेवीला एका छापखान्याच्या वरच्या दोन खोल्यांत देवस्थळी नावाचे एक गृहस्थ सॉफ्टवेअरची कंपनी चालवतात आणि त्यांना गणितवाली माणसं हवीत असं कळलं. देवस्थळी सर आधी कॉलेजात गणित शिकवायचे. मुलाखतीत त्यांनी मला कॉम्प्युटरबद्दल काहीच विचारलं नाही. म्हणाले, “गुपित फुटत नाही, हे सिद्ध करता येईल का?”

मी म्हटलं, “गुपित ही काय संख्या आहे का सर?”

“हेच शोधायचंय. सोमवारपासून या.”

वडिलांना पत्राने कळवलं. त्यांचं उलट टपाली एका ओळीचं उत्तर आलं, ‘ह्या कामात संप होतो काय ते आधी विचारून घे.’

सरांकडे एका जाडजूड अहवालाची झेरॉक्स होती. अमेरिकेच्या लष्करासाठी कोणी संशोधकांनी लिहिलेला तो अहवाल कुठल्याशा मित्राने त्यांना पाठवला होता. लष्करात कागदांवर पातळ्या असतात, साधा, गोपनीय, अतिगोपनीय अशा. माणसांनाही तशाच पातळ्या. अहवालाचं सार दोन नियमांत होतं. पहिला, आपल्या पातळीच्या वरचं वाचायचं नाही. हा कोणालाही पटतो. दुसरा नियम मात्र वाचून मी बुचकळ्यात पडले. आपल्या पातळीच्या खाली लिहायचं नाही.

“साहेबाने शिपायाला चिठ्ठी लिहायची नाही?” मी विचारलं.

सर खुर्ची पुढे ओढून बसले. “साहेब प्रामाणिक आहे असं धरू. पण तो जो प्रोग्रॅम वापरतो, तो प्रामाणिक आहे कशावरून? समजा, कोणी त्याला पत्र लिहायचा छानसा प्रोग्रॅम दिला. तो पत्र तर लिहितोच, पण जाता जाता साहेबाच्या गुप्त फायलीची नक्कल शिपायाच्या कप्प्यात टाकतो. साहेबाला पत्ताच नाही. आता प्रत्येक प्रोग्रॅमच्या पोटात शिरून तो चांगला की वाईट हे तुम्ही तपासणार का? त्यापेक्षा यंत्रालाच सांगा, वरच्या पातळीवर बसलेल्या कोणालाही खाली काही ठेवू देऊ नकोस. मग प्रोग्रॅम लबाड असला तरी करणार काय?”

त्यापुढे सिद्धता होती. यंत्र सुरुवातीला सुरक्षित असेल आणि त्याचं प्रत्येक पाऊल हे दोन नियम पाळत असेल, तर ते कधीच असुरक्षित होणार नाही. एवढंच. ती वाचून मी खिडकीपाशी जाऊन उभी राहिले. खाली छापखान्यातलं यंत्र खडखडत होतं. मनात आलं, हे जर खरं असेल तर जगात विश्वास ठेवण्याजोगी निदान एक गोष्ट आहे. संपानंतरच्या त्या दिवसांत आमच्याकडे कोणाचाच कोणावर विश्वास उरला नव्हता. एकाच जिन्यावरची माणसं एकमेकांच्या घरी जाईनाशी झाली होती, कामावर कोण परत गेला आणि कोणी कोणाचं नाव सांगितलं यावरून.

असं मॉडेल विकत घेणारं गिऱ्हाईक मुंबईत मिळायला बरीच वर्षं गेली. तोवर आम्ही पगारपत्रकांचे प्रोग्रॅम लिहून पोट भरलं. मग परळच्या एका ट्रस्टच्या रुग्णालयाने सरांना बोलावलं. नाव लिहीत नाही. तो एचआयव्हीच्या धास्तीचा काळ होता. औषधं जवळपास नव्हती आणि भीती मात्र मुबलक होती. नुसत्या संशयावरून माणसं घराबाहेर काढली जात. या रुग्णालयाचे अधीक्षक डॉ. वागळे सरळ माणूस होते. अशा रुग्णांना वेगळ्या वॉर्डात टाकायचं नाही, इतरांमध्येच ठेवायचं, असा त्यांचा आग्रह होता. प्रश्न होता नोंदींचा. रुग्णालयात नवीन कॉम्प्युटर बसत होते, आणि या रुग्णांची माहिती उपचार करणारे डॉक्टर आणि समुपदेशन करणारी सिस्टर यांच्याखेरीज कोणालाही दिसता कामा नये, अशी त्यांची अट होती.

आम्ही पातळ्या आखल्या. सर्वांत खाली नोंदणीची खिडकी, वर वॉर्ड, त्यावर डॉक्टर, आणि सर्वांत वर ‘विशेष’. एचआयव्हीच्या रुग्णाचा सगळा केसपेपर ‘विशेष’ पातळीवर जायचा.

पहिल्याच आठवड्यात डॉ. वागळ्यांचं बोलावणं आलं. ते पडद्याकडे बोट दाखवत म्हणाले, “कँटीन सोमवारी बंद राहणार, एवढी नोटीस सगळ्यांना पाठवायची आहे. हे यंत्र मला पाठवू देत नाही. मी या हॉस्पिटलचा प्रमुख आहे ना?”

“म्हणूनच साहेब,” मी म्हटलं. “तुम्ही सगळ्यांत वरच्या पातळीवरून आत आलात. वरून खाली लिहिता येत नाही. तुम्ही बाहेर पडून खालच्या पातळीवर या, मग नोटीस लिहा.”

“म्हणजे कँटीनबद्दल बोलायचं असेल तर आधी मी माझं पद उतरवून ठेवायचं.”

“तेवढ्यापुरतं.”

ते म्हणाले, “ट्रस्टींना हा नियम लावता येईल का?”

पण त्यांचा दुसरा प्रश्न हसण्यावारी नेण्यासारखा नव्हता. खाली लिहायचं नाही, पण वर लिहिता येतं का? नियमाप्रमाणे येतं. गुप्ततेच्या दृष्टीने त्यात धोका नाही, कारण खालचा माणूस वर टाकतो, वाचत नाही. “म्हणजे खिडकीवरचा क्लार्क माझ्या पेशंटचा रक्तगट बदलू शकतो?” डॉक्टरांनी विचारलं. नियमाप्रमाणे, हो. आम्हाला दुसरं मॉडेल घ्यावं लागलं. ते बरोबर उलटं होतं. त्यात खालून आलेल्या, कोणी न तपासलेल्या माहितीने वरची तपासलेली माहिती बिघडवायची नाही, असा दंडक होता. तेव्हा मला पहिल्यांदा नीट कळलं की गुप्तता आणि खरेपणा या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. एकीची राखण करताना दुसरीकडे दुर्लक्ष होऊ शकतं. दोन्ही मॉडेलं एकत्र बसवताना आम्ही पुष्कळ कागद खराब केले, पण शेवटी बसवली. सिद्धता पूर्ण झाली त्या दिवशी सरांनी दादरहून पियूष मागवलं.

काही महिन्यांनी रेखा कोळी रुग्णालयात आली.

वरळी कोळीवाड्यातली ही बाई लालबागच्या मासळी बाजारात पाटी घेऊन बसायची. नवरा वर्षभरापूर्वी वारला होता. तापाने अंथरूण धरलं म्हणून तिला दाखल केलं, तेव्हा एचआयव्ही निघाला. तिच्या समुपदेशनाचं काम ज्योत्स्ना सिस्टरकडे होतं. त्यांनीच रेखाला ते सांगितलं आणि तिच्या हातावर हात ठेवून बराच वेळ बसून राहिल्या. ताप उतरला, रेखा घरी गेली. चार दिवस विश्रांती घेऊन बाजारात बसली, तर तिच्या पाटीकडे कोणी फिरकेना. शेजारी बसणारी पार्वती, जिच्या शेजारी ती लग्न होऊन आल्यापासून बसत होती, तिने आपली जागा बदलली. बाजारात सगळ्यांना ठाऊक झालं होतं.

ती तडक डॉ. वागळ्यांच्या खोलीत आली. मी योगायोगाने तिथे होते. ती आरडाओरडा करणार असं वाटून शिपाई दारात येऊन उभा राहिला, पण ती खालच्या आवाजात बोलली.

“मी माझ्या भावाला बी सांगितला नाय. घरात कोनाला म्हाईत नाय. तुमच्या हितून कोनी सांगितला, तेवढा मना सांगा.”

“इथून कोणी सांगणं शक्य नाही,” डॉक्टर म्हणाले.

“मग मासळीने सांगितला काय?”

डॉक्टरांनी माझ्याकडे पाहिलं. तिचा पेपर कोणी उघडला हे यंत्र सांगू शकत होतं. मी तिथेच बसून पाहिलं. एक उपचार करणारे डॉक्टर, आणि ज्योत्स्ना सिस्टर. बाकी कोणी नाही, आणि आमच्या सिद्धतेप्रमाणे बाकी कोणी वाचणं शक्यच नव्हतं. उपचार करणारे डॉक्टर तर नुकतेच नागपूरहून आलेले, त्यांची इथे कोणाशी ओळखदेख नव्हती. ज्योत्स्ना सिस्टर वरळीतच राहायच्या, कोळीवाड्यापासून हाकेच्या अंतरावर.

ट्रस्टींनी दुसऱ्याच दिवशी त्यांना सक्तीच्या रजेवर पाठवलं. चौकशी होऊन काढूनच टाकायचं असं जवळपास ठरल्यात जमा होतं. चौकशी समितीपुढे मला बोलावून विचारलं, “दुसऱ्या कोणी वाचलं असण्याची शक्यता?” मी म्हटलं, “नाही.” आणि ते खरंच होतं. खोलीतून बाहेर आले तेव्हा कळलं की आमच्या सिद्धतेनेच त्या बाईंना दोषी ठरवलं होतं. दुसऱ्या कोणी वाचलेलं नाही, तर मग हिनेच सांगितलं.

मी सिस्टरांच्या घरी गेले. बीडीडी चाळीतली एक खोली होती. आत शिवणयंत्रावर मुलीचा फ्रॉक शिवायला घेतला होता. त्यांनी मला चहा दिला.

“मी सांगितलं नाही,” त्या म्हणाल्या. “पण तुमच्या गणितात हे कुठे लिहायचं ते मला माहीत नाही.”

“तुम्हाला कोणावर संशय आहे?”

“रेखाला माझ्यावर आहे. त्याच्यापुढे मला दुसऱ्या कोणाच्या संशयाचं काही वाटत नाही.” मग म्हणाल्या, “आणि रेखा पहिली नाही. गेल्या दोनतीन महिन्यांत आणखी काही रुग्णांनी हेच सांगितलंय. कोणी तक्रार केली नाही इतकंच. त्यांचे पेपर काही सगळे माझ्याकडे नव्हते. काही दुसऱ्या समुपदेशक आहेत ना, त्या गोडबोले बाईंकडे होते.”

घरी येताना माझ्या डोक्यात हेच घोळत होतं. बातमी एका ठिकाणाहून फुटत असती तर सिस्टर असू शकल्या असत्या. दोन वेगळ्या समुपदेशकांचे रुग्ण असतील, तर बातमी कुठल्याशा एकाच वाटेने बाहेर पडत होती आणि ती वाट त्या दोघींतून जात नव्हती. यंत्रात वरून खाली यायला वाट नाही हे आम्ही सिद्ध केलेलं. मग वाट होती कुठे? मला स्वतःचं नवल वाटतं, पण खरं सांगायचं तर त्या क्षणी मला रेखापेक्षा त्या वाटेची ओढ जास्त लागली होती.

रुग्णालयात खालून वर काय काय होतं ते सगळं बघायचं ठरवलं आणि सर्वांत खालच्या पातळीपासून सुरुवात केली. नोंदणीच्या खिडकीवर सावंतकाका होते. वडिलांच्याच गिरणीतले, टाइम ऑफिसात कारकून होते. संपानंतर ट्रस्टने काही जणांना कामावर घेतलं त्यात लागले. मला लहानपणापासून ओळखणारे.

“काय गो विजू, वरचा हापीस सोडून हय?” म्हणत त्यांनी मला स्टूल दिलं.

भेटायला येणाऱ्यांची रांग होती. प्रत्येक जण नाव सांगायचा, सावंतकाका ते टाइप करायचे, पडद्यावर वॉर्ड आणि खाट दिसायची, काका ती सांगायचे. दुसरा मजला, खाट अमुक. पुरुषांचा वॉर्ड, डावीकडे. काम सुरळीत चाललं होतं. त्यात पाहण्यासारखं काहीच नव्हतं आणि मला झोप यायला लागली होती.

मग एक गृहस्थ आला, हातात डबा. भावाचं नाव सांगितलं. काकांनी टाइप केलं. पडद्यावर आलं, ‘परवानगी नाही’.

“यांचा हय दिसणा नाय,” काका म्हणाले. “वर सिस्टरांका विचारा.”

तो गृहस्थ “बरं” म्हणून जिन्याकडे गेला. त्याच्या मागे रांगेत एक बाई उभी होती. तिने आपल्या मुलाला दंडाला धरून दुसऱ्या बाजूला घेतलं आणि तो गृहस्थ जिथे हात टेकून उभा होता तिथे हात न लावता खिडकीशी आली.

मी उठून बाहेर गेले. ती आपलं काम करून निघाली तसं तिला गाठलं आणि विचारलं, “आत्ता तुम्ही मुलाला बाजूला का घेतलंत?”

ती जरा ओशाळली. “काही नाही ताई. त्यांच्या माणसाला ते आहे ना.”

“काय आहे?”

“ते हो. ती बिमारी. ज्याचं मशीन दाखवत नाही ना, त्याला ती असते. सगळ्यांना माहीत आहे. बाहेर चहावाल्याला विचारा.”

सगळं इतकं साधं होतं. एरवी यंत्र वॉर्ड सांगतं. ‘विशेष’ पेपर असेल तर सांगत नाही. आणि ‘विशेष’ पेपर एकाच आजाराचे. म्हणजे यंत्राने नकार दिला की उत्तर मिळालंच. पार्वती रेखाला भेटायला आली असणार, खिडकीवर नाव सांगितलं असणार, आणि रांगेतल्या कोणीतरी तिला अर्थ समजावून दिला असणार. पेपर कोणी उघडला नव्हता. नियम एकही मोडला नव्हता.

मी आत आले आणि काकांना सांगितलं. त्यांचा चेहरा उतरला.

“मिया कोणाचो आजार वाचूक नाय गो. माका दिसताच खंय?”

“नाही काका, तुम्हाला दिसत नाही. तुम्ही काहीच केलेलं नाही.”

“माका वाटला मशीन बिघडला आसतला.” रांगेतल्या माणसाने हाक मारली तसं ते पुढचं नाव टाइप करायला वळले.

मी प्रभादेवीला गेले आणि सरांना सगळं सांगितलं. ते ऐकताना त्यांनी चष्मा काढून टेबलावर ठेवला. मला वाटलं, चिडतील. त्यांचा आवाज मात्र एकदम तरुण झाला.

“सिद्धता बरोबर आहे. आपण सिद्ध केलं ते चुकीच्या प्रश्नाचं उत्तर होतं. आपण विचारलं, खालचा माणूस वरचा कागद वाचू शकतो का. विचारायला हवं होतं, वर कागद आहे की नाही याने खालच्या माणसाच्या पडद्यावर काही फरक पडतो का.”

मग त्यांनी कपाटातून दुसरी एक झेरॉक्स काढली. पहिल्या अहवालानंतर काही वर्षांनी कोणाच्या तरी हे लक्षात आलं होतं आणि त्यांनी नवीन मॉडेल मांडलं होतं. त्यात वाचण्या-लिहिण्याचे नियमच नव्हते. एकच अट होती. वरच्यांनी काहीही करो वा काहीच न करो, खालच्याला दिसणारं जग तसूभरही बदलता कामा नये. बदललं की समजा, काहीतरी पाझरलं. मी तो कागद टेबलाशी उभ्यानेच वाचला. एवढं थोडक्यात इतकं मोठं मी कधी वाचलं नव्हतं.

समितीपुढे मी परत गेले. सावंतकाकांचा पडदा समितीच्या खोलीत आणवला आणि सदस्यांनाच नावं टाइप करायला सांगितली. तिसऱ्या की चौथ्या नावाला ‘परवानगी नाही’ आलं, तेव्हा एक ट्रस्टी म्हणाले, “म्हणजे या माणसाला...” आणि वाक्य त्यांनी अर्धंच सोडलं. त्यानंतर कोणाला काही समजावून सांगावं लागलं नाही. ज्योत्स्ना सिस्टरांना परत बोलावल्याचं पत्र त्याच दिवशी गेलं.

आता दुरुस्ती कशी करायची यावर वाद झाला. सरांनी लष्करी लोकांची युक्ती सांगितली. यंत्राने दोन पातळ्यांवर दोन गोष्टी सांगायच्या. खिडकीवर त्या रुग्णाचा वेगळा, बनावट पेपर दिसेल, साधा मलेरिया, अमुक वॉर्ड.

डॉ. वागळे म्हणाले, “उद्या हाच रुग्ण बेशुद्ध अवस्थेत तातडीच्या विभागात आला आणि तिथल्या पोराने तो मलेरियावाला पेपर खरा मानून औषध दिलं, तर?”

“तिथे वरच्या पातळीचा पेपर दिसेल,” सर म्हणाले.

“घाईत कोण पातळ्या बघतं? तुमच्याच मॉडेलने मला शिकवलं की गुप्तता वेगळी आणि खरेपणा वेगळा. माझं हॉस्पिटल रुग्णाबद्दल खोटं लिहिणार नाही. त्याच्या भल्यासाठीसुद्धा नाही.”

मग एकच मार्ग उरला आणि तो कोणालाच आवडला नाही. खिडकीवर कोणाचाच वॉर्ड दाखवायचा नाही. मलेरिया असो, बाळंतपण असो, मोडलेला पाय असो, सगळ्यांना एकच उत्तर, ‘पहिल्या मजल्यावर चौकशी करा’. तिथे सिस्टर भेटायला आलेल्याला बाजूला घेऊन, ओळख पाहून वॉर्ड सांगणार. त्याने पहिल्या मजल्यावर गर्दी होणार, नातेवाईक चिडणार, दोन सिस्टर जास्त लागणार. डॉक्टरांनी ते मान्य केलं.

नवीन प्रोग्रॅम बसवून मी खिडकीवर स्वतः तपासायला बसले, तेव्हा आणखी एक गंमत सापडली. उत्तर सगळ्यांना सारखंच येत होतं, पण ‘विशेष’ पेपर असला की ते किंचित उशिरा यायचं, पापणी लवेल इतकंच. यंत्र आतल्या आत परवानगी तपासत होतं, त्याचा तो वेळ. सावंतकाकांना तो कळला नसता. पण यंत्राने नकार दिला की आजार कळतो, हे लोकांना कोणी शिकवलं नव्हतं, तरी ते शिकलेच होते. सरांना सांगितलं तर ते फोनवर खळखळून हसले. म्हणाले, “वेळ हीसुद्धा एक माहितीच आहे.” आम्ही सगळ्यांचंच उत्तर थोडं उशिरा यायची सोय केली. त्यामुळे आधीच नावडता असलेला प्रोग्रॅम आणखी नावडता झाला.

राहिली रेखा. कोणी जाऊन तिला सांगणं भाग होतं, आणि डॉक्टरांच्या मते ते मीच करायला हवं होतं. मी बाजारात गेले. ती एका टोकाला बसली होती. पाटीत बोंबील होते, त्यावर ओलं फडकं. शेजारची जागा मोकळी होती, तिथे मी उकिडवी बसले आणि जमेल तसं सांगितलं. पातळ्या, पडदा, ‘परवानगी नाही’, रांगेतली बाई.

तिने ऐकून घेतलं. मग म्हणाली, “म्हंजी कोनी सांगितलाच नाय?”

“नाही.”

“आनि मी ज्योत्स्ना सिस्टरच्या नावाने बोटं मोडतंय दिवसरात.” तिने फडकं उचललं, बोंबलांवर पाणी शिंपडलं, परत झाकलं. “आता तुमी ते मशीन सुधारलाव ना?”

“हो.”

“मग ह्यांच्या डोक्यातला काढता येल काय?”

आमच्याकडे माहिती फुटू नये याची मॉडेलं होती. फुटलेली परत घेण्याचं मॉडेल अजूनही कोणी लिहिलेलं नाही. मी तिथून उठले तेव्हा माझ्या कोड्याचा आनंद पार ओसरला होता. पुढे तिने लालबागचा बाजार सोडला आणि प्रभादेवीच्या गल्ल्यांतून दारोदार मासळी विकायला लागली, असं ज्योत्स्ना सिस्टरांकडून कळलं. रेखा त्यांच्या घरी गेली होती. दोघींमध्ये काय बोलणं झालं ते सिस्टरांनी सांगितलं नाही, मीही विचारलं नाही.

तिला मी एकदाच पुन्हा पाहिलं. काही कामासाठी रुग्णालयात गेले होते आणि सावंतकाकांना हाक मारायला म्हणून खिडकीकडे वळले. रांग लांबलचक होती. प्रत्येकाच्या नावाला यंत्र जरा विचार करायचं आणि काका तेच उत्तर द्यायचे. रेखा रांगेच्या मध्यावर उभी होती, बहुधा कोणा दुसऱ्या रुग्णाला भेटायला आलेली, कारण तिच्या हातात डबा होता. तिच्या पुढे चाफ्याची वेणी माळलेली एक बाई होती. तिला काकांनी सांगितलं, “पहिल्या माळ्यावर चौकशी करा.” रेखाने नाव सांगितलं. यंत्राने तेवढाच वेळ घेतला. “पहिल्या माळ्यावर चौकशी करा,” काका म्हणाले. तिच्या मागच्या म्हाताऱ्याला, आणि त्याच्या मागच्यालाही तेच.

चाफ्याची वेणीवाली जिन्यापाशी थांबली होती. रेखा आली तसं तिच्याकडे वळून म्हणाली, “काय हो हा ताप. आधी बरं होतं, पटकन सांगायचे.”

“ना तर काय,” रेखा म्हणाली. “आता सगल्यांना जिना चरायला लावतात मेले.”

आणि दोघी कुरकुरत एकत्र जिना चढू लागल्या.